पकड आणि निवाडा : विमान अपहरण, चाचेगिरी व दहशतवाद यांच्या नियंत्रणाचे आंतरराष्ट्रीय प्रयत्न आणि मुंबईतील न्यायालयीन अनुभव

प्रस्तावना

विमान अपहरण, सागरी चाचेगिरी व दहशतवाद हे तिन्ही गुन्हे राष्ट्रांच्या सीमा ओलांडणारे असल्यामुळे त्यांचे नियंत्रण कोणत्याही एका राष्ट्राच्या आवाक्यातील नाही, हे विधान आंतरराष्ट्रीय संबंधांवरील बहुतेक क्रमिक पुस्तकांत आढळते. त्यापाठोपाठ टोकियो, हेग, मॉन्ट्रियल, रोम येथे झालेल्या करारांची यादी येते आणि ‘तरीही या समस्येवर पूर्णतः मात करता आलेली नाही’ अशा वाक्याने प्रकरण संपते. विद्यार्थी करारांची सनावळी पाठ करतो. परंतु पकडलेल्या चाच्याचे पुढे काय होते, त्याच्यावर कोणत्या कायद्याखाली आणि कोणत्या न्यायालयात खटला चालतो, हा प्रश्न ना पुस्तकात विचारला जातो, ना परीक्षेत.

प्रस्तुत लेखात हाच प्रश्न मध्यवर्ती मानला आहे. आंतरराष्ट्रीय करार गुन्हेगार पकडण्याचा अधिकार देतात, किंबहुना तसे कर्तव्यही सांगतात. पण शिक्षा ठरविण्याचे काम ते सदस्य राष्ट्राच्या कायद्यावर व न्यायालयांवर सोपवतात. म्हणून या प्रयत्नांचे मूल्यमापन करारांच्या संख्येवरून वा नौदलांच्या पराक्रमावरून न करता न्यायनिवाड्यावरून करावे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. त्यासाठी महाराष्ट्राबाहेर जाण्याची गरज नाही. गेल्या पंचवीस वर्षांत जगाच्या समुद्रावरील चाचेगिरीचे काही महत्त्वाचे खटले मुंबई बंदरातील यलो गेट पोलीस ठाण्यात नोंदले गेले आहेत. आपल्या विद्यापीठीय लेखनाने त्यांची पुरेशी दखल घेतलेली नाही.

चाचा कोणास म्हणावे?

‘चाचा’ ही संज्ञा जितकी कायद्याची तितकीच सत्तेची आहे, याचे उत्तम उदाहरण मराठ्यांच्या इतिहासात सापडते. सरखेल कान्होजी आंग्रे यांचा उल्लेख ईस्ट इंडिया कंपनीच्या कागदपत्रांत सातत्याने ‘चाचा’ असा येतो. कान्होजींचा अपराध कोणता? कोकण किनाऱ्यावरून जाणाऱ्या जहाजांनी त्यांचे दस्तक घ्यावे, न घेणारे जहाज जप्त होईल, हा त्यांचा नियम. पोर्तुगीज त्याआधी दोनशे वर्षे ‘कार्ताज’ नावाने नेमके हेच करीत होते आणि त्याला सागरी सार्वभौमत्व म्हणत होते. सन १७२१ मध्ये इंग्रज व पोर्तुगीज यांनी संयुक्तपणे कुलाब्यावर स्वारी केली व ती फसली. चाचेगिरीच्या बंदोबस्ताचा ‘आंतरराष्ट्रीय प्रयत्न’ म्हणून तिच्याकडे पाहता येईल. यात एक गुंतागुंतही आहे. सन १७५६ मध्ये विजयदुर्गावर तुळाजी आंग्र्यांविरुद्ध जी मोहीम झाली, तीत इंग्रजांच्या बाजूस खुद्द पेशव्यांचे सैन्य होते. तेव्हा हा प्रश्न केवळ ‘परकीयांनी केलेली बदनामी’ म्हणून सोडून देता येत नाही. एखाद्याला सर्व जगाचा शत्रू ठरविण्यात ज्याचा त्याचा राजकीय हिशेब असतो, एवढे मात्र त्यावरून स्पष्ट होते.

याच्या उलट, ज्याच्या चाचेगिरीविषयी कोणाचेही दुमत नव्हते, अशा प्रकरणात काय घडले? सन १६९५ मध्ये मक्केहून सुरतेस परतणारे बादशाह औरंगजेबाचे ‘गंज-इ-सवाई’ हे जहाज हेन्री एव्हरी या इंग्रज चाच्याने लुटले. बादशाह त्या काळी दख्खनच्या मोहिमेत होता. सुरतेतील इंग्रज वखारीच्या लोकांना कैद झाली आणि कंपनीचा व्यापारच धोक्यात आला. लंडनने एव्हरीच्या शिरावर इनाम जाहीर केले, देशोदेशी शोध सुरू झाला. एव्हरी सापडला नाही. त्याच्या हाती लागलेल्या सहा साथीदारांवर १६९६ मध्ये लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयात खटला उभा राहिला आणि ज्यूरीने त्यांना ‘गंज-इ-सवाई’च्या लुटीच्या आरोपातून निर्दोष सोडले! कंपनीची व सरकारची केवढी पंचाईत झाली असेल, याची कल्पना करता येते. अखेर त्यांच्यावर स्वतःचेच इंग्रजी जहाज पळविल्याचा वेगळा आरोप ठेवून त्यांना दोषी ठरविण्यात आले व पाच जणांना फाशी झाली. ज्या बादशाहाच्या समाधानासाठी हा खटला उभा राहिला, त्याची कबर आपल्या शहरापासून जवळच खुलताबाद येथे आहे. पकड आणि निवाडा यांतील अंतर इतके जुने आहे.

आधुनिक काळात समुद्र कायद्याविषयीच्या संयुक्त राष्ट्रसंघाच्या १९८२ च्या कराराने चाचेगिरीची व्याख्या अनुच्छेद १०१ मध्ये निश्चित केली. हिंसा, अटकाव वा लुटीचे बेकायदा कृत्य. ते खाजगी हेतूने केलेले. एका जहाजावरील लोकांनी दुसऱ्या जहाजाविरुद्ध केलेले. आणि ते खुल्या समुद्रात वा कोणत्याही राष्ट्राच्या अधिकारक्षेत्राबाहेर घडलेले असावे, असे तिचे घटक आहेत. या घटकांतच तिच्या मर्यादा आहेत. बारा सागरी मैलांच्या आतील लूट ही चाचेगिरी नव्हे. जहाजावरील प्रवाशांनीच ते ताब्यात घेतले तर दुसरे जहाज नाही, म्हणून चाचेगिरी नाही. हेतू राजकीय असेल तर ‘खाजगी हेतू’ कोठून आणावयाचा? ऑक्टोबर १९८५ मध्ये ‘अकिले लाउरो’ या इटालियन प्रवासी जहाजाच्या अपहरणाने हे उणेपण उघड केले व त्यातून १९८८ चा रोम करार जन्मास आला. नोव्हेंबर २०२३ मध्ये हुती बंडखोरांनी हेलिकॉप्टरने उतरून ‘गॅलेक्सी लीडर’ हे मालवाहू जहाज ताब्यात घेतले, तेव्हा ही चाचेगिरी की आणखी काही, हा जुनाच वाद नव्याने सुरू झाला.

अलोंड्रा रेनबो : पकड यशस्वी, निवाडा अयशस्वी

‘अलोंड्रा रेनबो’ हे जपानी मालकीचे, पनामाचा ध्वज असलेले जहाज सुमारे सात हजार टन ॲल्युमिनियम घेऊन २२ ऑक्टोबर १९९९ रोजी सुमात्रा बेटावरील क्वाला तांजुंग बंदरातून जपानकडे निघाले. त्याच रात्री चाच्यांनी ते ताब्यात घेतले. दोन जपानी अधिकारी व पंधरा फिलिपिनो खलाशी अशा सतरा जणांना पुढे एका तराफ्यावर सोडून देण्यात आले. अनेक दिवसांनंतर थायलंडच्या मच्छीमारांनी त्यांना वाचविले. क्वालालंपूर येथील आंतरराष्ट्रीय सागरी ब्यूरोच्या चाचेगिरी नोंद केंद्राने सर्व जहाजांना सूचना पाठविल्या. हे केंद्र कोणत्याही सरकारचे नाही, व्यापारी जगताने चालविलेले आहे, ही गोष्ट नोंद घेण्यासारखी आहे. तिच्या आधारे एका कुवेती टँकरने भारताच्या पश्चिम किनाऱ्याजवळ एक संशयित जहाज पाहिल्याचे कळविले. चाच्यांनी दरम्यान जहाजाचे नाव बदलून ‘मेगा रामा’ केले होते व त्यावर बेलीझ देशाचा ध्वज चढविला होता.

तटरक्षक दलाचे ‘ताराबाई’ हे गस्ती जहाज त्याच्या मागावर गेले. थांबण्याचा इशारा देऊनही जहाज थांबले नाही. नौदलाची ‘प्रहार’ ही क्षेपणास्त्र नौका मदतीस आली आणि १६ नोव्हेंबर १९९९ रोजी अरबी समुद्रात ते ताब्यात घेण्यात आले. पुरावा नष्ट करण्यासाठी चाच्यांनी जहाजाला आग लावून ते बुडविण्याचाही प्रयत्न केला होता. पंधरा इंडोनेशियन नागरिक पकडून मुंबईस आणले गेले. पळविलेले जहाज खुल्या समुद्रात पाठलाग करून पकडल्याचे त्या काळातील हे अपवादात्मक उदाहरण होते आणि जगभर त्याचे कौतुक झाले. ते रास्तच होते.

खरी कसोटी त्यानंतर सुरू झाली. भारतीय दंड संहितेत दरोडा होता, खून होता, अपहरण होते. ‘चाचेगिरी’ हा गुन्हा नव्हता. संहितेच्या कलम ४ नुसार भारताबाहेरील गुन्ह्यासाठी भारतीय न्यायालयाचा अधिकार चालावयाचा तर आरोपी भारतीय नागरिक हवा, अथवा गुन्हा भारतात नोंदणी झालेल्या जहाजावर वा विमानात घडलेला हवा. येथे आरोपी इंडोनेशियाचे, जहाज पनामाच्या ध्वजाचे, मालक जपानी, खलाशी बहुतांशी फिलिपिनो आणि मूळ गुन्हा मलाक्का सामुद्रधुनीच्या परिसरातला. समुद्र कायद्याच्या करारास भारताने १९९५ मध्येच अनुसमर्थन दिले होते. त्याच्या अनुच्छेद १०५ प्रमाणे कोणत्याही राष्ट्राला चाच्यांचे जहाज पकडता येते आणि पकडणाऱ्या राष्ट्राची न्यायालये शिक्षा ठरवू शकतात. ‘ठरवू शकतात’ एवढेच करार म्हणतो. कोणत्या कायद्याने, हे तो सांगत नाही. आपल्या घटनापद्धतीत करारावर स्वाक्षरी झाली म्हणजे तो देशाचा कायदा होत नाही. अनुच्छेद ५१ आंतरराष्ट्रीय कायद्याविषयी आदर बाळगण्यास सांगतो आणि अनुच्छेद २५३ संसदेला करार अंमलात आणण्यासाठी कायदा करण्याचा अधिकार देतो. तो अधिकार वापरला गेला नव्हता. रोम कराराची अंमलबजावणी करणारा भारतीय कायदा आला तो २००२ मध्ये, म्हणजे जहाज पकडल्यानंतर तीन वर्षांनी. आणि अनुच्छेद २० प्रमाणे तो मागील कृत्यास लावता येत नव्हता.

परिणामी सरकार पक्षाला एकोणिसाव्या शतकातील ब्रिटिश नाविक अधिकारक्षेत्राच्या वसाहतकालीन कायद्यांपर्यंत मागे जावे लागले. मुंबईच्या सत्र न्यायालयाने फेब्रुवारी २००३ मध्ये आरोपींना दोषी ठरवून सात वर्षे सक्तमजुरीची शिक्षा दिली. आंतरराष्ट्रीय सागरी संस्थांनी या निकालाचे स्वागत केले. परंतु एप्रिल २००५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने आरोपींची निर्दोष मुक्तता केली.

या निकालाकडे ‘चाचे सुटले’ एवढ्याच दृष्टीने पाहणे अन्यायाचे होईल. कोणत्याही फौजदारी न्यायालयाने संशयाचा फायदा आरोपीला देणे, कायद्यात नसलेला अधिकार स्वतःकडे ओढून न घेणे, हे कायद्याच्या राज्याचे लक्षण आहे. दोष असेल तर तो विधिमंडळाच्या दिरंगाईचा आहे. दुसरीकडे याचाही विसर पडू नये की, हे परदेशी आरोपी, ज्यांना न्यायालयाची भाषा कळत नव्हती, ते पाच वर्षांहून अधिक काळ मुंबईच्या खटल्यात अडकून राहिले आणि अखेर निर्दोष ठरले. त्या रात्री जहाज पळविण्याचा कट ज्यांनी आखला व मालाचा सौदा ज्यांनी केला, ते सूत्रधार मुंबईच्या आरोपीच्या पिंजऱ्यात कधी आलेच नाहीत. पकडले जातात ते जहाजावरचे लोक.

या प्रकरणाचे एक फलित मात्र चांगले झाले. जपानने पुढाकार घेऊन आशियाई राष्ट्रांत चाचेगिरीविषयक माहितीच्या देवाणघेवाणीचा प्रादेशिक करार घडवून आणला. तो सप्टेंबर २००६ मध्ये अंमलात आला. त्याचे केंद्र सिंगापूर येथे आहे व भारत त्याचा सदस्य आहे.

सोमालिया ते मुंबई

सोमालियाच्या किनाऱ्यावरील चाचेगिरी वाढली तेव्हा सुरक्षा परिषदेने जून २००८ मध्ये ठराव क्रमांक १८१६ संमत करून परदेशी नौदलांना सोमालियाच्या प्रादेशिक समुद्रात शिरण्याची मुभा दिली. युरोपीय संघाची ‘अटलांटा’ मोहीम, अमेरिकेच्या पुढाकाराने उभे राहिलेले संयुक्त दल, चीन व भारत यांची स्वतंत्र गस्त अशी अनेक नौदले एडनच्या आखातात जमली. पकडलेल्यांचे काय करावे, याचे उत्तर मात्र फारसे कोणाकडे नव्हते. अनेकांना शस्त्रे समुद्रात टाकून सोडून देण्यात आले. युरोपीय राष्ट्रांनी केनिया व सेशेल्स यांच्याशी करार करून खटल्यांचे ओझे त्यांच्यावर टाकले. म्हणजे न्यायदानाचेही एक प्रकारे बाह्यस्रोतीकरण झाले.

बळाच्या वापराची दुसरी बाजूही येथे सांगावयास हवी. नोव्हेंबर २००८ मध्ये ‘आयएनएस तबर’ने एडनच्या आखातात ‘चाच्यांचे मुख्य जहाज’ बुडविल्याची बातमी आपल्याकडे अभिमानाने छापली गेली. ते चाच्यांनी ताब्यात घेतलेले थायलंडचे मच्छीमार जहाज होते आणि त्यावर ओलीस खलाशी होते, हे नंतर उघड झाले. आपल्या बाजूने आधी गोळीबार झाला नाही, असे नौदलाचे म्हणणे होते. तरीही ओलीस कोण व चाचा कोण हे दुर्बिणीतून ठरत नाही. विमा कंपन्या व जहाज उद्योग यांनी २०१० मध्ये ‘अतिजोखमीचे क्षेत्र’ पूर्वेस ७८ अंश रेखांशापर्यंत वाढविले, तेव्हा मुंबईसह आपला सारा पश्चिम किनारा त्यात आला. विम्याचे हप्ते वाढले आणि व्यापारी जहाजांवरील सशस्त्र रक्षक मच्छीमारांच्या वाटेवरून ये-जा करू लागले. फेब्रुवारी २०१२ मध्ये केरळच्या किनाऱ्याजवळ ‘एनरिका लेक्सी’ या इटालियन जहाजावरील सैनिकांनी दोन मच्छीमारांना चाचे समजून ठार केले. भारताने सातत्याने हरकत घेतल्यानंतर डिसेंबर २०१५ पासून हे क्षेत्र ६५ अंश रेखांशापर्यंत मागे घेण्यात आले.

सन २०११ च्या जानेवारी ते मार्च या तीन महिन्यांत भारतीय नौदल व तटरक्षक दलाने अरबी समुद्रात ‘प्रांतालाय १४’, ‘प्रांतालाय ११’, ‘वेगा ५’ आदी जहाजांवरून एकूण १२० चाच्यांना पकडून मुंबईस आणले. चाचेगिरीचा स्वतंत्र कायदा तेव्हाही नव्हता. ‘अलोंड्रा रेनबो’च्या निर्दोष मुक्ततेला सहा वर्षे झाली होती, धडा घेण्यास एवढा काळ पुरेसा मानावयास हरकत नव्हती. खटले पुन्हा दंड संहिता, शस्त्र अधिनियम अशा सर्वसाधारण कायद्यांखालीच उभे राहिले. भारतीय जहाजांवर गोळीबार झालेला असल्यामुळे अधिकारक्षेत्राचा धागा या वेळी काहीसा बळकट होता, एवढाच फरक. पहिल्या पंधरा जणांना शिक्षा झाली ती ऑगस्ट २०१७ मध्ये, सात वर्षांची. त्यांपैकी सहाहून अधिक वर्षे ते कच्चे कैदी म्हणून तुरुंगात काढून बसले होते. निकाल लागला तेव्हा शिक्षा जवळजवळ भोगून झाली होती.

सागरी चाचेगिरी प्रतिबंधक विधेयक डिसेंबर २०१९ मध्ये लोकसभेत आले, संसदेने ते डिसेंबर २०२२ मध्ये संमत केले आणि कायदा फेब्रुवारी २०२३ मध्ये अंमलात आला. ‘अलोंड्रा रेनबो’ पकडल्यापासून तेवीस वर्षे! कायद्याने चाचेगिरीचा गुन्हा प्रथमच भारतीय कायद्यात आणला, विशेष न्यायालयांची तरतूद केली, तसेच आरोपी वा जहाज कोणत्याही देशाचे असले तरी भारतीय न्यायालयाचा अधिकार मान्य केला. ही मोठी उणीव भरून निघाली, हे मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. मार्च २०२४ मध्ये ‘आयएनएस कोलकाता’ व नौदलाच्या कमांडोंनी सुमारे ४० तासांच्या कारवाईनंतर ‘रुएन’ या माल्टाच्या ध्वजाच्या जहाजावरून ३५ सोमाली चाच्यांना शरण आणले व १७ खलाशांची सुटका केली. २३ मार्च रोजी हे पस्तीस जण मुंबई पोलिसांच्या हवाली झाले. या वेळी गुन्हा नोंदविताना नव्या कायद्याचे कलम लिहिण्याची सोय होती. परंतु याच कायद्यात आरोपीकडे शस्त्रे सापडल्यास गुन्हा त्यानेच केल्याचे गृहीत धरून ते खोडण्याची जबाबदारी त्याच्यावर टाकली आहे. सोमालियासारख्या विस्कटलेल्या देशातून आलेल्या, भाषा न कळणाऱ्या आरोपीने आपल्या बचावाचा पुरावा कोठून आणावा? जबरीने कामाला लावलेला खलाशी व स्वेच्छेने आलेला चाचा यांत फरक करण्याची जबाबदारी सरकार पक्षावरच राहावयास हवी होती.

आकाशातील अनुभव

विमान अपहरणाबाबत करारांची रचना तुलनेने अधिक नेटकी आहे. टोकियो (१९६३), हेग (१९७०) व मॉन्ट्रियल (१९७१) या करारांपैकी हेग कराराने ‘प्रत्यर्पण करा अथवा खटला चालवा’ हे तत्त्व रूढ केले. त्याचा प्रत्यय मुंबईहूनच निघालेल्या एका विमानाच्या बाबतीत येतो. ५ सप्टेंबर १९८६ रोजी मुंबईहून कराचीमार्गे न्यूयॉर्कला जाणारे पॅन ॲमचे विमान कराची विमानतळावर ताब्यात घेण्यात आले. प्रवाशांना वाचविताना मुंबईच्या नीरजा भनोट यांनी प्राण दिले. पाकिस्तानी न्यायालयाने आरोपींना शिक्षा दिली. पुढे सुटका झालेल्या म्होरक्याला अमेरिकेने २००१ मध्ये पकडले व २००४ मध्ये जन्मठेप दिली. इतर चौघे २००८ मध्ये पाकिस्तानी तुरुंगातून सुटले. एकाच गुन्ह्यात एकास मरेपर्यंत कैद व इतरांना मोकळीक, असे हे तत्त्व व्यवहारात उतरते.

डिसेंबर १९९९ मधील काठमांडू-दिल्ली विमानाच्या अपहरणात तर करार पूर्णतः निष्प्रभ ठरला. कराराला पुढे खटला चालविणारे एक राज्य अपेक्षित असते. कंदाहारमध्ये सत्ता होती, पण जगातील तीनच राष्ट्रांनी तिला मान्यता दिली होती. तीन दहशतवादी सोडून द्यावे लागले आणि अपहरणकर्ते निघून गेले. त्या तिघांपैकी मसूद अझहर याचे नाव सुरक्षा परिषदेच्या निर्बंध यादीत येण्यास १ मे २०१९ हा दिवस उजाडावा लागला.

भारताने १९८२ चा अपहरणविरोधी कायदा रद्द करून २०१६ मध्ये नवा, अधिक कठोर कायदा केला. मृत्यू घडल्यास देहदंड, अन्यथा किमान शिक्षा आजन्म कारावास. आणि विश्वासार्ह धमकी हाही अपहरणाच्याच तोडीचा गुन्हा. या कायद्याखालील पहिली शिक्षा एका चिठ्ठीबद्दल झाली. ३० ऑक्टोबर २०१७ रोजी मुंबईहून दिल्लीस जाणाऱ्या विमानाच्या स्वच्छतागृहात धमकीची चिठ्ठी सापडली व विमान अहमदाबादला उतरविण्यात आले. जून २०१९ मध्ये विशेष न्यायालयाने मुंबईच्या एका व्यावसायिकाला जन्मठेप व पाच कोटी रुपयांचा दंड ठोठावला. ऑगस्ट २०२३ मध्ये गुजरात उच्च न्यायालयाने पुरावा अपुरा ठरवून त्यास निर्दोष सोडले. ‘अलोंड्रा रेनबो’ प्रकरणात कायदा नव्हता म्हणून खटला डळमळला. येथे कायदा इतका कठोर होता की, चिठ्ठी व शस्त्र यांत प्रमाणभेद करण्यास न्यायाधीशाला जागाच उरली नव्हती, आणि खटला पुराव्यावर कोसळला. कायद्याच्या कठोरतेने तपासाची उणीव भरून निघत नाही.

दहशतवाद, व्याख्या आणि प्रत्यर्पण

दहशतवादाच्या बाबतीत तर व्याख्येवरच गाडे अडले आहे. सन १९३७ मध्ये राष्ट्रसंघाने दहशतवाद प्रतिबंधाचा करार केला. त्याला अनुसमर्थन देणारे एकच सदस्य होते, ते म्हणजे भारत, अर्थात ब्रिटिश सरकारचा भारत. आपल्या क्रांतिकारकांना ज्या सरकारने याच नावाने फासावर चढविले, त्याला या करारात रस असणे स्वाभाविक होते! करार कधीच अंमलात आला नाही. त्याआधी १९१० मध्ये विनायक दामोदर सावरकरांनी मार्सेलिस बंदरात ‘मोरिया’ बोटीतून उडी घेतली व फ्रेंच भूमीवर त्यांना पकडून पुन्हा इंग्रजांच्या ताब्यात दिले गेले, तेव्हा राजकीय आरोपीच्या आश्रयाचा प्रश्न हेगच्या लवादापर्यंत गेला. फेब्रुवारी १९११ च्या निवाड्यात लवादाने अटकेतील अनियमितता मान्य केली. तरी त्यांना परत करण्याचे बंधन ब्रिटनवर नाही, असे ठरविले. प्रत्यर्पणाच्या औपचारिक मार्गाला बगल देऊन आरोपी हस्तांतरित करण्याची प्रथा किती जुनी आहे, याचे हे मराठी माणसाला ठाऊक असलेले उदाहरण. स्वतंत्र भारताने १९९६ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात सर्वसमावेशक दहशतवादविरोधी कराराचा मसुदा मांडला. मुक्तिलढे व राज्याच्या सैन्याची कृत्ये यांना व्याख्येतून वगळावे की नाही, या वादात तो अद्याप अडकून आहे.

व्याख्येवाचूनही सहकार्य घडते, पण ते परस्पर हितसंबंधांवर अवलंबून असते. मे २००६ मध्ये चांदवड-मनमाड मार्गावर स्फोटके व एके-४७ रायफली पकडल्या गेल्या. ‘औरंगाबाद शस्त्रसाठा प्रकरण’ म्हणून ते ओळखले जाते. त्यातून निसटलेला, मूळचा बीड जिल्ह्यातील एक आरोपी २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्याच्या वेळी कराचीतील सूत्रधारांसोबत असल्याचा आरोप पुढे झाला. सौदी अरेबियाने त्यास जून २०१२ मध्ये भारताकडे पाठविले. भारत व सौदी यांच्यात २०१० मध्ये प्रत्यर्पण करार झाला होता. पण त्याला पाठविले गेले ते प्रत्यर्पणाने नव्हे, हद्दपारीने. सन २०१६ मध्ये मुंबईच्या विशेष न्यायालयाने शस्त्रसाठा प्रकरणात त्यास व अन्य सहा जणांना जन्मठेप दिली. हद्दपारीचा मार्ग जलद असतो. त्यात पाठविणाऱ्या देशाचे न्यायालय नसते, अटी नसतात आणि उद्या राजकीय वारे फिरल्यास तो कोणाविरुद्धही वापरला जाऊ शकतो.

न्यायालयाच्या मार्गाने आलेल्या प्रत्यर्पणाची किंमत वेगळी असते. १२ मार्च १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांत २५७ जण मृत्युमुखी पडले. त्यासाठीची शस्त्रे रायगड किनाऱ्यावरील दिघी व शेखाडी येथे समुद्रमार्गे उतरविली गेली होती. या खटल्यातील आरोपी अबू सालेम यास पोर्तुगालकडून मागताना उभय देशांत प्रत्यर्पण करार नव्हता. देहदंड दिला जाणार नाही व पंचवीस वर्षांहून अधिक काळ कैदेत ठेवले जाणार नाही, अशी हमी भारत सरकारने डिसेंबर २००२ मध्ये दिली, तेव्हा कोठे नोव्हेंबर २००५ मध्ये तो भारतात आला. पुढे त्यास जन्मठेप झाली. परंतु जुलै २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकार आपल्या हमीस बांधील असल्याचे स्पष्ट केले.

याच निकालानंतर अवघ्या पाच महिन्यांनी संसदेने चाचेगिरीच्या कायद्यात मृत्यू घडल्यास देहदंडाची तरतूद कायम ठेवून तो संमत केला. ‘रुएन’ जहाज आपल्याच नौदलाने पकडले, म्हणून प्रश्न आला नाही. परंतु अरबी समुद्रात गस्त घालणाऱ्या युरोपीय नौदलाने पकडलेला, खलाशाच्या मृत्यूस कारण झालेला चाचा उद्या यलो गेट पोलीस ठाण्याच्या स्वाधीन करावयाचा झाल्यास, जी हमी लिस्बनला एकदा दिली गेली, ती प्रत्येक आरोपीमागे नव्याने द्यावी लागेल. अन्यथा तो केनियाला वा सेशेल्सला जाईल, आणि मुंबईचे विशेष न्यायालय आपल्याच नौदलाने आणलेल्या आरोपींपुरते उरेल.